विरोधाभासावर चालणारं यंत्र: आधी बिल कोण भरतं ते ठरवा

प्रश्न विचारणाऱ्यांची कादंबरी थोडक्यात अशी आहे. एक यंत्र आपलं जग आणि त्याचं आरशातलं प्रतिरूप समोरासमोर आणतं. दिवा एकच, पण तो एकाच क्षणी लागलेलाही असतो आणि विझलेलाही. या विरोधाभासातून वीज निघते आणि तिच्यावर अख्खं शहर चालतं. खर्डा वाचलेल्या एका मित्राने विचारलं, "एवढं यंत्र हाताशी असताना नायिका अडचणीत येतेच कशी? ती काहीही करू शकेल की." दुसऱ्याने "हे फुकटात चालणारं यंत्र झालं, असलं काही नसतं" म्हणून वाचन तिथेच सोडलं. या दोन आक्षेपांचं काय करायचं आणि पुस्तकात विज्ञान किती घालायचं, असं तुम्ही विचारलंय.

मी इलेक्ट्रॉनिक्स शिकवतो आणि विज्ञानकथांची हस्तलिखितं छापण्याआधी तपासून देतो, त्यामुळे दोन्ही बाजूंनी बोलतो. कल्पना अशक्य आहे ही तुमची अडचण नाहीच. अशक्य गोष्ट वाचक खुशाल मान्य करतो. एकच असावी आणि सुरुवातीलाच सांगावी, एवढी त्याची अट असते. तुमच्या यंत्राचं बिल कुणीच भरत नाही, ही खरी अडचण. दोन्ही आक्षेप तिथूनच निघालेत. ज्याला खर्च नाही त्याला मर्यादा नाही, आणि मर्यादा नाही म्हटल्यावर नायिकेला अडवणार कोण?

हे कितपत मनावर घ्यायचं ते अर्थात कादंबरीवर आहे. यंत्र दोन-तीन पानांत येऊन जात असेल, किंवा गोष्ट विनोदी असेल, तर पुढचं सगळं सोडून द्या. नाव भारदस्त ठेवा आणि पुढे चला. पण तुमचं कथानकच यंत्राभोवती फिरतंय, शहर त्यावर चालतंय, म्हणून मी ते मध्यवर्ती आहे असं धरून लिहितो.

आधी पहिला आक्षेप. तुमचा मित्र बोलला ते तर्कशास्त्राने काटेकोर सिद्ध करता येतं. "दिवा लागलाय" हे खरं मानलं, तर "दिवा लागलाय किंवा नायिका अमर आहे" हेही खरं ठरतं, कारण दोन पर्यायांपैकी एक खरा असला की पुरतं. आता "दिवा लागलेला नाही" हेसुद्धा खरं मानलं, की त्या वाक्यातला पहिला पर्याय बाद होतो. उरलं काय? नायिका अमर आहे. अमरच्या जागी काहीही घाला, तेही सिद्ध होतं. एक विरोधाभास मोकळा सोडला की त्यातून वाटेल ते निघतं, आणि वाटेल ते निघालं की कथेतली उत्कंठा संपली.

यावर तर्कशास्त्रातच उपाय आहेत. विसाव्या शतकाच्या मध्यापासून पोलंडमधले यास्कोव्स्की आणि ब्राझीलमधले दा कोस्टा यांनी अशा तर्कपद्धती मांडल्या, ज्यांत विरोधाभास राहतो पण पसरत नाही. आपल्याकडे जैनांच्या सप्तभंगीत, म्हणजे विधानाच्या सात प्रकारांत, 'आहे', 'नाही', 'आहे आणि नाही' आणि 'सांगता येत नाही' हे वेगवेगळे भंग, म्हणजे प्रकार, आहेत, आणि प्रत्येकाला 'अमुक दृष्टीने' अशी अट जोडलेली आहे. ही अट तुमच्या कामाची आहे. दिवा आपल्या बाजूने लागलेला आणि पलीकडून विझलेला, आणि हा 'दोन्ही'पणा यंत्राच्या पेटीबाहेर टिकत नाही, असा नियम करा. तत्त्वज्ञानाचे उतारे मात्र संवादात घालू नका. शास्त्रज्ञ पात्र बौद्ध तत्त्वज्ञ नागार्जुनावर व्याख्यान देऊ लागलं की मी समासात फुली मारतो.

आता विरोधाभास प्रत्यक्षात काय करतो ते पाहू, कारण तो टेबलावर बांधता येतो. नॉट गेट हा इलेक्ट्रॉनिक्समधला सगळ्यात साधा भाग: आत १ गेला तर बाहेर ०, आत ० गेला तर बाहेर १. त्याचं आउटपुट त्याच्याच इनपुटला जोडलं, तर "मी जो आहे तो मी नाही" हे वाक्य तारेने लिहून झालं. गेट काय करतं? साधं, एका टप्प्याचं सीमॉस (ट्रान्झिस्टरच्या जोडीने बनणाऱ्या प्रकारचं) गेट असेल तर ते मधेच अडकतं. पाच व्होल्ट दिले असतील तर मीटरवर अडीचच्या आसपास दिसतात, म्हणजे धड ० नाही आणि धड १ नाही. आणि आतले दोन्ही ट्रान्झिस्टर अर्धवट चालू राहिल्यामुळे ते पुरवठ्यातून नेहमीपेक्षा बराच जास्त प्रवाह ओढत बसतं.

तीच जोडणी तीन गेट वर्तुळात लावून केली, तर मात्र ते मधे अडकत नाही, डोलायला लागतं. ०, १, ०, १. प्रत्येक गेटला उत्तर द्यायला समजा १० नॅनोसेकंद लागत असतील, तर पूर्ण फेरा ६० नॅनोसेकंदांचा, म्हणजे सेकंदाला दीड कोटीहून जास्त वेळा उलटापालट. ऑसिलोस्कोपवर, म्हणजे व्होल्टेजचा आलेख दाखवणाऱ्या पडद्यावर, छान लाट दिसते. विद्यार्थ्यांना हे दाखवलं की हमखास कुणीतरी विचारतं, "सर, हे कायम चालेल?" मी पुरवठ्याची तार उपसतो. लाट तिथल्या तिथे मरते.

तुमच्या कादंबरीसाठी यात दोन गोष्टी आहेत. एक म्हणजे निसर्ग विरोधाभासाला घाबरत नाही, त्याची विल्हेवाट लावतो: एक तर मधला रस्ता काढतो, नाहीतर तो काळात पसरवतो, म्हणजे आत्ता हो आणि पुढच्या क्षणी नाही. दुसरी गोष्ट जास्त महत्त्वाची. दोन्ही वेळा विरोधाभासाने वीज दिली नाही, घेतली. आडात नाही ते पोहऱ्यात कुठून येणार? तुमचा दुसरा वाचक हेच म्हणत होता, जरा फटकून म्हणाला इतकंच.

मग विरोधाभासातून ऊर्जा काढण्याची कल्पनाच टाकून द्यायची का? नाही. पण विरोधाभासाला इंधनाच्या जागेवरून हलवून झडपेच्या जागी बसवायचं. ऊर्जा येते फरकातून. एक बाजू गरम आणि एक थंड, एक उंच आणि एक सखल. कार्नोने १८२४ साली दाखवलं की उष्णतेवर चालणारं कुठलंही इंजिन दोन तापमानांमधल्या फरकावर जगतं. दोन्हीकडे तापमान सारखं असेल तर सर्वोत्तम इंजिनालाही शून्य काम मिळतं. याचा अर्थ, तुमचं आरशातलं जग आपल्या जगाची हुबेहूब नक्कल असेल तर तुमचं यंत्र मेलेलं आहे. खर्ड्यात तुम्ही 'तंतोतंत प्रतिरूप' हे शब्द कौतुकाने पुन्हापुन्हा वापरलेत. तेच पहिल्यांदा काढा.

झडप म्हणजे काय हे समजायला मॅक्सवेलचा राक्षस उपयोगी पडतो. १८६७ साली मॅक्सवेलने एका पत्रात कल्पना मांडली: हवेने भरलेल्या पेटीच्या मधल्या भिंतीला बारीक दार आहे, दारावर एक चिमुकला पहारेकरी (हाच तो राक्षस) आहे, तो वेगवान रेणू एकीकडे आणि मंद रेणू दुसरीकडे सोडतो. काही खर्च न करता एक बाजू तापते, दुसरी निवते. हा उघडउघड विरोधाभास होता आणि तो सुटायला शतकभर लागलं. १९२९ मध्ये झिलार्डने एकाच रेणूचं इंजिन कल्पून माहिती आणि ऊर्जा यांचा हिशोब मांडला. १९६१ मध्ये लँडॉरने दाखवलं की नोंद पुसायला किमान उष्णता खर्चावीच लागते. १९८२ मध्ये बेनेटने जोडणी पूर्ण केली. पहारेकऱ्याला कुठला रेणू कुठे गेला ते लक्षात ठेवावं लागतं, वही भरते, ती पुसावी लागते, आणि फुकट मिळालेलं सगळं त्या पुसण्यात परत जातं. लँडॉरची ही किमान मर्यादा २०१२ मध्ये लेझरच्या पकडीत धरलेल्या सूक्ष्म मण्यावर प्रत्यक्ष मोजली गेली.

यात तुमच्यासाठी एक मोजमाप दडलंय. एका बिटच्या, म्हणजे एका 'हो की नाही'च्या बदल्यात खोलीच्या तापमानाला किती काम निघतं, याला कमाल मर्यादा आहे. ती इतकी क्षुल्लक आहे की एक युनिट वीज काढायला १ वर २७ शून्यं दिल्यावर होणाऱ्या संख्येहून जास्त बिट लागतील. तुमच्याकडे एक दिवा आहे. एका दिव्याच्या 'हो आणि नाही'वर मुंगीचा पायसुद्धा हलणार नाही. म्हणून शहर चालवण्याचा भार विरोधाभासावर टाकू नका. दार उघडं धरण्याचं काम त्याला द्या, तेवढं तो झकास करेल.

आता आरसा. 'आरशातलं जग' म्हणताना कुठला आरसा, हे तुम्ही ठरवलेलं नाही, आणि पानापानाला तो बदलतोय. पदार्थविज्ञानात हे वेगवेगळे आरसे आहेत. एक डावं-उजवं उलटवतो. दुसरा विद्युतभार उलटवतो, म्हणजे तिकडे प्रतिपदार्थ. तिसरा काळाची दिशा उलटवतो. तिसरा आत्ता सोडून द्या, कालप्रवासाचा गुंता या कादंबरीला नको. दुसरा घेतलात तर विरोधाभासाची गरजच संपते: प्रतिपदार्थ आपल्या पदार्थाला भिडला की दोन्ही नष्ट होऊन सगळ्या वस्तुमानाची ऊर्जा होते. एक ग्रॅम वस्तुमानाची ऊर्जा साधारण अडीच कोटी युनिट. मग नायिकेने दरवाजाच्या मुठीला हात लावला की कादंबरी संपली.

डाव्या-उजव्याचा आरसा जास्त मजेशीर आहे, कारण १९५६ पर्यंत सगळे धरून चालले होते की निसर्गाला डावं-उजवं कळत नाही. त्या वर्षी ली आणि यांग या पदार्थवैज्ञानिकांनी शंका काढली, आणि चिएन-शिउंग वू या प्रयोगकर्तीने ती तपासली. किरणोत्सारी कोबाल्ट-६० चे अणू निरपेक्ष शून्याच्या अगदी जवळ थंड केले, चुंबकीय क्षेत्रात एका दिशेने रांगेत आणले, आणि त्यांतून बाहेर पडणारे इलेक्ट्रॉन कुठे जातात ते मोजलं. इलेक्ट्रॉन एका दिशेला जास्त जात होते. आरशात बघितलं तर दिशा उलट दिसेल, आणि तसा प्रकार निसर्गात घडत नाही. आरशातलं जग आणि आपलं जग सारखं नाही, हे प्रयोगशाळेतलं सत्य आहे. १९५७ चं नोबेल ली आणि यांग यांना त्यावरच मिळालं. वू यांना त्यातून वगळलं, हे आजही खटकतं.

यातूनच 'प्रतिबिंब-पदार्थ' ही कल्पना निघाली: आपल्या प्रत्येक कणाला उलट्या हाताचा एक जोडीदार असेल, तर एकूण हिशोब पुन्हा समतोल होतो. १९६६ मध्ये कोबझारेव्ह, ओकुन आणि पोमेरांचुक यांनी दाखवलं की असे कण असलेच तर त्यांचा आपल्याशी संबंध जवळजवळ फक्त गुरुत्वाकर्षणातून येईल. न्यूट्रॉन अधूनमधून पलीकडे जातात का, हेही अमेरिकेतल्या ओक रिज प्रयोगशाळेत शोधून झालं. २०२२ मध्ये निष्कर्ष आला, तसं काही सापडलं नाही. म्हणजे कल्पना अजून कल्पनाच आहे, पण तिच्यावर गंभीर माणसांनी गणितं केलीत, आणि ती तुम्हाला फुकट वापरता येतात.

त्यातलं सगळ्यात उपयोगी गणित हे. आरशातलं विश्व आपल्याइतकंच उष्ण असतं, तर आरंभीच्या काळात विश्वाचं प्रसरण जास्त वेगाने झालं असतं आणि आज मोजतो त्याहून जास्त हेलियम तयार झालं असतं. तेवढं हेलियम नाही. म्हणून आरशातलं विश्व असेलच, तर त्याची पार्श्वभूमी, म्हणजे आरंभापासून अवकाशभर उरलेली ऊब, आपल्यापेक्षा थंड असायला हवी, ढोबळमानाने निम्म्याहूनही कमी तापमानाची. आपल्या अवकाशाची पार्श्वभूमी निरपेक्ष शून्याच्या वर २.७ अंश आहे. त्यांची दीडच्याही खाली.

फरक मिळाला. इंधन मिळालं. तुमचं यंत्र म्हणजे आता एक बाजू आपल्या खोलीत आणि दुसरी बाजू त्या थंडीत असलेलं उष्णतेचं इंजिन आहे. दोन जगांमध्ये एरवी उष्णता जात नाही, ती जाऊ देण्यासाठी दार हवं, आणि ते दार 'लागलेला-विझलेला' दिवा उघडं धरतो. ही तुमची एकमेव अशक्य गोष्ट. बाकी सगळं नियमात बसतं. आणि बिल कोण भरतं? ज्या खोलीत यंत्र आहे ती खोली. तिची उष्णता जाते.

इथे आकडे मांडून बघा, कारण प्रसंग त्यांतूनच सुचतात. चार मीटर लांब, चार रुंद, तीन उंच अशा खोलीत साधारण ५८ किलो हवा असते. यंत्राने एक किलोवॉट काढायला सुरुवात केली आणि भिंतींतून उष्णता आत आली नाही, तर खोली दर मिनिटाला सुमारे एक अंश निवते. पाच मिनिटांत अंगावर काटा येईल. यंत्राच्या धातूच्या पेटीवर आधी दव जमेल, मग ते गोठेल, आणि बाजूच्या भांड्यातल्या पाण्यावर पापुद्रा धरेल. भिंतींतून उष्णता झिरपत राहते, म्हणून प्रत्यक्षात वेग कमी. पण शत्रूने यंत्र उत्तम उष्णतारोधक तिजोरीत लपवलं, तर ते स्वतःच्याच थंडीने बंद पडेल! नायिकेने ते मिळवायचं तर दार फोडायची गरज नाही, वाट बघायची. आणि शहर चालवायचं तर हवा पुरणार नाही, पाणी लागेल. शून्य अंशाचं एक टन पाणी गोठवलं की सुमारे ९३ युनिट मिळतात. शहराची गरज घ्या आणि भागून बघा; तलावाच्या काठावर राजकारण कशावरून होईल ते तुम्हाला आपोआप दिसेल.

खर्ड्यातल्या एका धाग्याला मात्र याने धक्का बसतो. तुम्ही आरशातल्या नायिकेकडेही तसंच यंत्र दिलंय आणि दोघी एकमेकींची ऊर्जा पळवतात. ते आता जमणार नाही. उष्णता गरम बाजूकडून थंड बाजूकडेच जाते, तेव्हा त्यांच्या थंडीत बसून आपल्यासारखं यंत्र त्यांना चालवता येणार नाही. त्यांना मिळते ती फक्त आपली टाकाऊ ऊब, तीही थोडी. माझ्या मते हे कथेच्या पथ्यावरच पडेल, कारण दोघी सारख्या राहत नाहीत. एकीला दार उघडं हवंय विजेसाठी. दुसरीला कदाचित त्या उबेसाठी, किंवा कदाचित बंदच हवंय. दुसऱ्या भागातला तो लांबलेला समसमान सामना एवढ्याने सुटतो.

नायिकेला स्वतः पलीकडे पाठवायचं असेल तर जपून. प्रतिबिंब-पदार्थाच्या जगात तिच्या पायाखालची जमीन तिला धरणार नाही. जमीन आपल्याला विद्युत बलाने वर तोलते, आणि तिकडचे कण ते बल आपल्यावर लावत नाहीत. ती सरळ खाली जाईल, तेही काही न दिसता, कारण तिकडचा प्रकाश तिच्या डोळ्यांना लागू नाही. श्वासाला हवा नाही ते वेगळंच. त्यापेक्षा तिला इकडेच ठेवा. दाराजवळचे काही रेणू मात्र डाव्याचे उजवे असे उलटून परत येऊ द्या, नियम म्हणून एवढी सूट मागता येईल. पाश्चरने १८४८ मध्येच दाखवलं होतं की काही स्फटिक डाव्या आणि उजव्या हाताच्या जोडीने येतात. कार्व्होन नावाचा रेणू एका हाताचा असेल तर पुदिन्याच्या जातीचा वास येतो, दुसऱ्या हाताचा असेल तर शहाजिऱ्याचा. यंत्रशाळेत पुदिन्याच्या अर्काची बाटली ठेवा आणि एके दिवशी तिचा वास बदललेला दाखवा. दार गळतंय हे सांगायला एकही संवाद लागणार नाही.

राहिला शेवटचा प्रश्न, पुस्तकात विज्ञान किती. वर लिहिलेल्यातलं नव्वद टक्के तुमच्या वहीत राहू द्या. लँडॉर, कार्नो, वू यांची नावं पात्रांच्या तोंडी नकोत. यंत्रावर रोज काम करणारी माणसं सिद्धांतावर बोलत नाहीत, "आज पाणी लवकर गोठलं" असं बोलतात. 'क्वांटम' हा शब्द खर्ड्यात मला सतरा ठिकाणी खटकेल असा वापरलाय, तो बहुतेक जागी काढला तरी वाक्याचा अर्थ बदलत नाही. वाचकाला तीन गोष्टी पहिल्या चाळीस पानांत कळल्या पाहिजेत: दिवा दार उघडं धरतो, यंत्र भोवतालची उष्णता खातं, आणि पलीकडचं जग आपल्यासारखं नाही, थंड आहे. तिन्ही दिसल्या पाहिजेत, कुणी समजावून सांगायला नकोत. तिसऱ्या प्रकरणातलं प्राध्यापकाचं पाच पानी स्पष्टीकरण काढून टाका आणि त्याच जागी त्याला यंत्र चालू करण्याआधी स्वेटर घालायला लावा.